वीतभर कोरी जागा

मा-काबेलोच्या स्वयंपाकघरात दोन गोष्टींना हात लावायची कुणाची छाती नव्हती. एक, उकड घोटायची तिची लाकडी काठी. आणि दुसरी, उकडीच्या भांड्याची खरवड.

मक्याची घट्ट उकड सगळ्यांना वाढून झाली की तीन पायांच्या लोखंडी भांड्याच्या तळाला लागलेला तो करपट पापुद्रा ती सुरीने अलगद सोडवायची. तुटू द्यायची नाही. मग भांड्याच्या झाकणावर उलटा घालून दारापाशी ठेवायची. कोंबड्यांसाठी, असं तिचं म्हणणं. कोंबड्या त्याच्यावर तुटून पडायच्या हे खरं, पण ती त्यांना लगेच जवळ येऊ द्यायची नाही. उंबऱ्यावर बसून त्यांना हुसकत राहायची आणि कंटाळा आला की मग उठून जायची. असं का, ते तिलाही सांगता आलं नसतं. तीस वर्षांची सवय होती, आणि सवयीला कोण कारण विचारतो?

"आत्याआजी, आज मला दे ना ती," पुलेंग म्हणाली. पुलेंग चार वर्षांची होती आणि रोज एकदा तरी विचारल्याशिवाय राहत नव्हती.

"ती कोंबड्यांची आहे. तुझ्या वाडग्यातलं आधी संपव."

"कोंबड्यांना दात नसतात."

"नसतात. म्हणून तर त्या कटकट करत नाहीत."

दाराशी चहा पीत बसलेला तांकिसो हसला. हा मा-काबेलोचा धाकटा भाऊ, खालच्या गावात शाळामास्तर. आजच्या कामासाठी काल संध्याकाळच्या बसने मुद्दाम वर आला होता. "दे की गं ताई तिला," तो म्हणाला. "एवढासा तुकडा दिलास म्हणून काय बिघडणार आहे?"

"मास्तर, शहाणपण शाळेत शिकवा. तिथे ऐकून घ्यायला पोरं आहेत."

तांकिसो आणखी काही बोलणार होता, पण खरवडीकडे बघून त्याने तोंड मिटलं आणि कपात बघत राहिला. आज सगळेच जरा जास्त गप्प होते, तेव्हा मा-काबेलोला त्यात काही वेगळं वाटलं नाही. तिने झाकण दाराशी ठेवलं, पण आज उंबऱ्यावर बसायला तिला सवड नव्हती. मागच्या अंगणात वहिनीने, मा-लेफाने, माती मळायला घेतली होती.

आज मा-लेफाच्या मनातून तिच्या लेकाची आठवण पुसायची होती.

पुसण्याची विद्या या घरात आईकडून लेकीला येत आली होती. मा-काबेलोने आजवर एकोणीस जणांचं पुसलं होतं. बर्फात गोठून मेलेल्या भावाशेजारी रात्र काढलेला एक मेंढपाळ होता. पहिल्या नवऱ्याच्या माराची आठवण निघाली की हातातलं भांडं टाकून पळणारी एक बाई होती. पद्धत ठरलेली. ज्याला विसरायचंय त्याने शेणमाती स्वतःच्या हाताने मळायची, आपल्याच घराच्या भिंतीवर थापायची आणि पहिल्यापासून बोलायला लागायचं. तो बोलेल तशी पुसणारी त्या ओल्या मातीत बोटांनी नक्षी काढत जाते. बोलणं संपलं की माती ओली आहे तोवर तळहात एकदाच फिरवायचा, डावीकडून उजवीकडे. झालं. माणूस उठतो, हात धुतो आणि जेवायला काय आहे ते विचारतो. ती वीतभर जागा मात्र कायमची कोरी ठेवायची. दरवर्षी भिंत नव्याने सारवली, नवी नक्षी काढली, तरी तिथे बोट लावायचं नाही.

आणि गेलेल्याला सगळेच विसरले तर पूर्वजांना बोलावताना त्याला हाक कोण मारणार? म्हणून पुसताना घरातली एक बाई शेजारी बसून सगळं ऐकते. तिला राखणारी म्हणतात. ज्वारीची बिअर जमिनीवर सांडताना ती मनातल्या मनात त्याचं नाव घेते. ज्याचं पुसलं त्याला मात्र ती जन्मात सांगत नाही. आणि गावातल्या कुणाला माहीत असलंच तर गावही सांगत नाही. हा नियम मोडल्याचं मा-काबेलोच्या तरी ऐकिवात नव्हतं.

पुसणारीच्या मनात कधीतरी येतंच, की आपलंही काही कुणी पुसलं नसेल ना. तरुणपणी तिने आईला विचारलं होतं. आई म्हणाली होती, "तुझं? तुला गं विसरण्यासारखं आहेच काय?" ते तिला पटलं होतं, आणि थोडं लागलंही होतं.

मागच्या अंगणात मोहापी घोंगडी खांद्यावर ओढून दगडावर बसला होता. मा-काबेलोचा थोरला भाऊ आणि मा-लेफाचा नवरा. एकेकाळी घोंगडीत न मावणारा हा धिप्पाड माणूस वर्षभरात तिच्यात हरवायला लागला होता. गेल्या हिवाळ्यात खाणीत छत कोसळलं आणि त्यांचा एकुलता एक लेफा वर आला तो पेटीतून. त्या दिवसापासून मा-लेफा दोन घासांवर उठायची. महिनाअखेरीला खाणकामगारांना घेऊन बस यायची, त्या दिवशी ती सकाळीच फाट्यावर जाऊन बसायची. मोहापी तिला पुसून घे म्हणून वर्षभर विनवत होता आणि ती 'अजून नाही' एवढंच म्हणत होती. चार दिवसांपूर्वी तीच नणंदेकडे आली आणि म्हणाली, "वन्सं, आता पुसा."

आता ती कोपरापर्यंत मातीत हात घालून मळत होती. खाली मान घालून, नेटाने. समोर तिची सून मा-पुलेंग, पुलेंगची आई, उभी होती, कमरेवर हात ठेवून. सासऱ्यासमोर एरवी ती असं उभं राहत नसे.

"मामंजी, मला एकदा नीट सांगा," ती म्हणाली. "उद्या सकाळी मी आईंना चहा नेऊन दिला, तर मी कोण?"

"सून," मोहापी म्हणाला.

"कुणाची बायको?"

मोहापीने मदतीसाठी, कप घेऊन मागोमाग आलेल्या धाकट्या भावाकडे पाहिलं. तांकिसो घसा खाकरून म्हणाला, "त्याचा विचार केलाय आम्ही. माझ्या शाळेतल्या एका मास्तरची तू विधवा. तुला कुणी नाही म्हणून मी इथे आणून ठेवलं."

"वा. आणि हे तुम्ही दोघांनी ठरवलं. काल, बिअर पिताना."

"बिअर नंतर प्यायलो," तांकिसो म्हणाला.

"आणि पुलेंग? तिचं नाक बघितलंय तुम्ही? आई रोज त्या नाकाकडे बघणार आणि त्यांना काही म्हणजे काही आठवणार नाही. आजी म्हणू नकोस असं त्या पोरीला मी सांगू? बाप तर गेलाच तिचा, आता आजीही काढून घेऊ?"

"पोरी," मोहापी म्हणाला, आणि त्याचा आवाज इतका हळू होता की तिला दोन पावलं जवळ यावं लागलं. "फाट्यावरून तिला घेऊन येतो तो मी. बस रिकामी झाली की ती ड्रायव्हरला विचारते, मागे अजून कुणी आहे का. दर महिन्याला. गेल्या खेपेला त्याने मला बाजूला घेतलं. म्हणाला, बाबा, यांना आणत जाऊ नका, मला नंतर गाडी चालवता येत नाही. मी काय करू ते तू सांग. तू सांगशील ते करतो."

मा-पुलेंगने कमरेवरचे हात खाली घेतले. मा-काबेलोला तिची दया आली आणि भावाचीही आली. पण पुसायच्या दिवशी पुसणारीने दोन्हीकडची दया करत बसलं तर माती वाळून जाते. ती भिंतीशी पाय मुडपून बसली आणि बोटांवरच्या अंगठ्या काढून पदरात ठेवाव्यात तशा घोंगडीच्या टोकात बांधल्या.

"आणि नावाचं काय, आत्या?" मा-पुलेंगने शेवटचा प्रयत्न केला. "दिवसातून पन्नास वेळा लोक यांना मा-लेफा म्हणून हाक मारणार. लेफाची आई. लेफा कोण, असं यांनी विचारलं तर?"

मा-काबेलो हसली. "त्याची काळजी नको. नाव काय पोरगं बघून ठेवतात? लग्नाच्या दिवशी सासू नाव देते, पोरगं मागाहून येतं, आलं तर. माझंच बघ ना. मी मा-काबेलो झाले, पण काबेलो कुठे आला? सासरच्यांनी वांझ म्हणून पाठवून दिलं, नाव मात्र मी माहेरी घेऊन आले. तीस वर्षं वागवतेय. काही टोचत नाही. सवय होते."

तांकिसो रिकामा कप उगीच हलवत होता. मोहापी दोन पायांमधल्या जमिनीकडे बघत होता. मा-लेफाचे हात मातीत होते तिथेच थांबले.

आपण वांझपणाचा विषय काढला की माणसं अशीच अवघडतात, हे मा-काबेलोला ठाऊक होतं. तिला स्वतःला त्याचं फारसं काही उरलं नव्हतं. नवरा खाणीवरून एकदा आला, दोन दिवस तिच्याकडे नुसता बघत राहिला आणि गेला तो गेलाच. वांझ बायकोपाशी कोण राहील, असं म्हणून तिने त्याला केव्हाच माफ करून टाकलं होतं.

"चल वहिनी," ती म्हणाली. "थाप माती. सूनबाई, तू इथे बस. लेफाचं राखायला तूच."

"थांबा," मा-लेफा म्हणाली. सकाळपासून ती पहिल्यांदाच बोलत होती. "मला आधी काही उतरवून ठेवायचंय."

"काय?"

"मी एकाचं राखतेय."

मा-काबेलोने कपाळाला हात लावला. "अगं, मग हे आधी सांगायला नको? तुला आईने नेमलं असणार. राखणारीला तसंच पुसलं तर राखलेलंही जातं. हात काही निवडून पुसत नाही." मग तिच्या डोक्यात उजेड पडला. "म्हणून वर्षभर अजून नाही, अजून नाही करत होतीस होय? आणि आम्हाला वाटलं तुला दुःख सोडवत नाही."

"कुणाला द्यावं ते कळत नव्हतं," मा-लेफा म्हणाली.

"त्यात काय कळायचंय? घरात बायका आपण तिघी. सुनेला दे, मी साक्षीला बसते. माती तेवढा वेळ ओली राहील."

"मी घेणार नाही," मा-पुलेंग म्हणाली.

"का?"

"पहाटे आई माझ्याकडे आल्या होत्या. नाव सांगितलं, आणि मी कानावर हात ठेवले. लेफाचं मी मरेपर्यंत राखेन. हे मला नको. आत्यांच्या हातचं रोज खायचं, त्यांच्याशी दिवसभर बोलायचं, आणि हे पोटात ठेवायचं. आईंना कसं जमलं मला माहीत नाही. मला नाही जमणार."

"माझ्या हातचं खायला काय झालं? माझा काय संबंध यात?"

"सूनबाई, तोंड बंद ठेव," मोहापी म्हणाला. सुनेवर तो आजवर कधी ओरडला नव्हता.

"दादा, राहू दे," तांकिसो म्हणाला. "आता काय उरलंय झाकायला?"

मा-काबेलोने एका भावाकडे पाहिलं, मग दुसऱ्याकडे. दोघांनीही नजर चुकवली. मग तिने भिंतीकडे पाहिलं. स्वयंपाकघराच्या मागच्या या भिंतीवर तिने याच महिन्यात नवी नक्षी काढली होती, शेतातल्या नांगराच्या तासांसारख्या रेघा आणि मध्ये मोठमोठ्या पाकळ्या. डावीकडे खाली, गुडघ्याच्या उंचीवर, वीतभर जागा कोरी होती. आजीच्या काळची आहे, असं आईने सांगितलं होतं, आणि दरवर्षी ती तेवढी जागा सोडून बाकीची भिंत रंगवत आली होती. तीस वर्षं. तिच्या आधी, तिच्या लहानपणी, ती जागा तिथे होती का हे तिने आठवून पाहिलं. नव्हती. तिथे पाकळ्या होत्या. आईच्या हातच्या, जरा वाकड्या.

"माझं आहे ते," ती म्हणाली. तिने विचारलं नाही, नुसतं म्हणाली.

मा-लेफाने हात झग्याला पुसले आणि तिच्यासमोर येऊन बसली. "हो."

"सांग मग."

"ताई, नियम आहे," मोहापी म्हणाला. थोरला असून तो तिला ताई म्हणाला, आणि ते कुणाच्या लक्षातही आलं नाही.

"नियम मला शिकवू नकोस. एकोणीस जणांना मी शिकवलाय. खाली बस, दादा." ती वहिनीकडे वळली. "राखणारीला उतरवायचं तर कुणाकडे तरी उतरवावं लागतं. सून घेत नाही. तिसरी बाई मीच. बोल वहिनी."

मा-लेफा बोलायला लागली. एरवी ती नणंदेला अहो-जाहो करायची. आता ते आपोआप गळून पडलं.

"काबेलो आला होता," ती म्हणाली. "नांगरणीच्या दिवसांत झाला, तुझ्या सासरी. मी या घरात लग्न होऊन आले तेव्हा दोन वर्षांचा होता. तू त्याला घेऊन यायचीस आणि महिना महिना राहायचीस. माझ्या लग्नाच्या घोंगडीला तो घाबरायचा, लाल होती म्हणून. मग तिच्यातच गुंडाळून मी त्याला पाठीवर घ्यायला लागले, तेव्हा कुठे भीती गेली. मग उतरायचाच नाही. चार वर्षांचा झाला आणि त्या हिवाळ्यात गोवर आली. तुझा नवरा खाणीवर होता. आईला औषध माहीत आहे म्हणून तू त्याला पाठीवर बांधून घाट ओलांडून आलीस, गुडघाभर बर्फातून, एकटी. पाच दिवस आईने होतं नव्हतं ते केलं. सहाव्या दिवशी सकाळी तो गेला."

मा-काबेलो ऐकत होती.

"तू त्याला पाठीवरून सोडेनास. तीन दिवस. तसाच बांधलेला घेऊन घरभर फिरायचीस, उकड घोटायचीस. कुणी जवळ आलं की म्हणायचीस, झोपलाय, उठवू नका. आई म्हणाली, ही पण जाईल. म्हणून पुसलं. मला शेजारी बसवलं, कारण मी सगळ्यांत लहान, जास्त दिवस जगणार. अठरा वर्षांची होते मी. तू सकाळपासून दुपारपर्यंत सांगितलंस. मग आईने हात फिरवला. तू उठलीस, हात धुतलेस आणि मला म्हणालीस, वहिनी, जेवायला काय आहे?"

"आणि ते?" मा-काबेलोने विचारलं. "काबेलोचे वडील?"

"ते आले ना नंतर. खिशातून त्याची विणलेली टोपी काढून त्यांनी तुझ्यापुढे धरली. तू उलटीसुलटी करून बघितलीस आणि म्हणालीस, चांगली वीण आहे, कुणाची? दोन दिवस राहिले. तिसऱ्या दिवशी मला म्हणाले, मला हिच्यासमोर बसवत नाही."

"मी वांझ नव्हते."

"नव्हतीस. लोक म्हणायचे तेव्हा मी ओठ चावून गप्प बसायचे. आई असताना एकदा मी भांडले तिच्याशी. ती म्हणाली, वांझ म्हणून जगेल, पण जगेल तर खरी."

मोहापीने घोंगडीत तोंड लपवलं होतं. तांकिसो भिंतीकडे तोंड करून उभा होता. तो तेव्हा दहा वर्षांचा होता, आणि काबेलोला खांद्यावर घेऊन ओढ्यावर न्यायचा. हे आज त्याला कुणी विचारलं नाही.

मा-काबेलो रडू येण्याची वाट बघत होती. यायला हवं होतं. इतकं ऐकून दगडालाही आलं असतं. पण ती आत कितीही चाचपडली तरी हाताला काही लागेना. घाट ओलांडून बर्फातून आलेली ती बाई तिला दिसत होती, तिची कीवही येत होती. जशी त्या मेंढपाळाची आली होती, मार खाल्लेल्या त्या बाईची आली होती. पलीकडच्या खोऱ्यातली कुणीतरी बाई. इकडे मा-लेफाच्या डोळ्यांतून धारा लागल्या होत्या आणि मातीने भरलेल्या हातांनी तिला त्या पुसताही येत नव्हत्या.

"अगं, तू का रडतेस?" मा-काबेलो म्हणाली.

आपण काय बोललो ते तिचं तिलाच ऐकू आलं.

मा-लेफा तिच्याकडे बघत राहिली. मग म्हणाली, "मी नाही तर कोण रडणार? तीस वर्षं त्याच्यासाठी मीच रडतेय. तुझ्या वाटचं." तिने सुनेकडे पाहिलं. "उद्या लेफासाठी ही रडेल. आणि मी हिच्याजवळ बसून हिला विचारेन, अगं, तू का रडतेस?"

मा-पुलेंग मटकन खाली बसली आणि तिने सासूचा मातकट हात दोन्ही हातांत घेतला.

मा-काबेलोला काय करावं सुचेना. न सुचल्यावर माणूस आपल्या धंद्याचं बोलतो. ओल्या मातीत पहिली रेघ ओढण्याआधी ती ज्याला त्याला जे विचारायची, तेच तिने विचारलं. नक्षी तिथूनच सुरू होते.

"त्याला काय आवडायचं?"

"खरवड," मा-लेफा म्हणाली, आणि रडता रडता तिला हसू फुटलं. "दुसरं काही नाही. उकड वाढून झाली की दारात येऊन उभा. आणि तुकडा चालायचा नाही हं, अख्खी हवी. तू सुरीने सोडवून झाकणावर घालायचीस. तो कुठेतरी खेळत असायचा. मग तो येईपर्यंत उंबऱ्यावर बसून कोंबड्यांना हुसकत राहायचीस."

मा-काबेलोने स्वयंपाकघराच्या दाराकडे पाहिलं. कोपऱ्यावरून ते अर्धं दिसत होतं. झाकण तिथेच होतं, त्यावर आज सकाळची खरवड, न तुटलेली, आणि चार कोंबड्या मान पुढे काढून गोल उभ्या होत्या. आज हुसकायला कुणी नव्हतं तरी सवयीने त्या थांबल्या होत्या.

तीस वर्षं. रोज, दिवसातून दोनदा. ती त्याची वाट बघत बसली होती.

तिला काबेलोचा चेहरा आठवला नाही. तो कधीच आठवणार नव्हता. पण तिचे दोन्ही हात आपसूक कोंबड्यांना हुसकायला उठले. हातांना सगळं ठाऊक होतं. हातांना कुणी पुसलंच नव्हतं. मग ती रडली, मोठ्याने, म्हातारी बाई लाजेल इतक्या मोठ्याने. मा-लेफाने तिला कवेत घेतलं आणि पाठीवरून हात फिरवत राहिली. मातीचे पंजे तिच्या घोंगडीवर उमटत गेले.

हे थांबायला वेळ लागला. थांबल्यावर मोहापीने चाचरत विचारलं, "मग... मातीचं काय करायचं? वाळायला लागलीय."

"माझं पुसू नका," मा-लेफा म्हणाली. ती उठली, तिने मातीचा मोठा गोळा उचलला आणि भिंतीवरच्या त्या कोऱ्या जागेवर थापला. पुसलेल्या जागी कुणी कधी माती लावली नव्हती. मोहापी अर्धवट उठला आणि परत बसला. "वन्सं, तुम्ही काढा इथे काहीतरी. मोठं काढा. दोघंही मावले पाहिजेत."

"आणि महिनाअखेर?" मोहापी म्हणाला.

"महिनाअखेरीला मी फाट्यावर जाणार. नाही जाऊन कशी राहीन? पण वन्सं येतील बरोबर. मी एकटी बसते ना, ते फार जड जातं." तिने हातावरची माती झटकली. "आणि ड्रायव्हरला काही विचारणार नाही. प्रयत्न करेन."

मा-काबेलोने घोंगडीच्या टोकाने तोंड पुसलं. ओल्या मातीकडे एकदा बघून घेतलं. अजून घटकाभर तरी ती वाळणार नव्हती. मग ती गुडघ्यावर हात टेकत उठली आणि कोपरा वळून स्वयंपाकघराच्या दाराशी गेली. तिने कोंबड्यांना हुसकलं, झाकण उचललं.

"पुलेंग," तिने हाक मारली. "इकडे ये."

पोरगी आली, पण दोन हात लांबच उभी राहिली. "ती कोंबड्यांची आहे ना?"

"नाही. चुकून सांगत होते मी. ती तुझ्या काबेलोकाकाची आहे. त्याला काही यायला जमत नाही आता. तू खा."

"अख्खी?"

मा-काबेलोने खरवड तुटू न देता तिच्या दोन्ही हातांवर ठेवली. "अख्खी," ती म्हणाली, आणि पोरीचं खाऊन होईपर्यंत कोंबड्यांना हुसकत उंबऱ्यावर बसून राहिली.